आपल्या जागेतून दुसऱ्याची लाइन: वडोदऱ्यातल्या जागामालकांसाठी हरकतीपासून मोबदल्यापर्यंत

दांडिया बाजारातला वाडा असो की वाघोडियाकडचे शेत, नळाची, गटाराची, विजेची किंवा गॅसची लाइन आपल्या जागेतून जाणार म्हटले की मालकाच्या डोक्यात आधी एकच येते: अडवायची. लाइन सरकारी किंवा कंपनीची असेल तर ती सहसा अडवता येत नाही. तिचा मार्ग थोडा सरकवता येतो, मोबदला नीट लावून घेता येतो, अटी लिहून घेता येतात. पण हे सगळे पहिला खड्डा पडण्याआधी. तारा ओढून झाल्यावर जो जागा होतो त्याच्या हातात फक्त पैशाचा वाद उरतो. शेजाऱ्याच्या लाइनीचे गणित याच्या बरोबर उलटे आहे: तिथे मालकाची बाजू बरीच भक्कम असते आणि बहुतेक लोक ती आपल्याच चुकीच्या कागदाने घालवतात.

पायरी 1: ओढणारा कोण, आणि कोणत्या कायद्याखाली?

ठेकेदाराच्या मुकादमाशी हुज्जत घालून काही मिळत नाही. त्याच्याकडे फक्त चुन्याच्या खुणा असतात. काम ज्याचे आहे त्या कार्यालयाला लेखी विचारा: काम कोणत्या कायद्याच्या कोणत्या कलमाखाली आहे, त्या अधिकाराच्या आदेशाची प्रत द्या, आणि माझा सर्व्हे नंबर दाखवणारा मार्गाचा नकाशा द्या. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. उत्तर आले नाही तर माहिती अधिकाराखाली तेच तीन प्रश्न पुन्हा टाका.

उत्तरावरून पुढचे दार ठरते. शेजारी किंवा भाऊबंद असेल तर 1882 चा सुखाधिकार कायदा आणि दिवाणी न्यायालय; सुखाधिकार म्हणजे दुसऱ्याच्या जागेचा ठरावीक वापर करण्याचा हक्क, ज्याला बोलण्यात सगळे ईझमेंट म्हणतात. एमजीव्हीसीएलची (मध्य गुजरातच्या वीज वितरण कंपनीची) लाइन असेल तर विद्युत कायदा 2003 चे कलम 67 आणि 2006 चे परवानाधारकांच्या कामांचे नियम. हरकत गेल्यावर परवानगी देणारे जिल्हा दंडाधिकारी किंवा पोलीस आयुक्त. गेटको (राज्याची वीज पारेषण कंपनी) किंवा पॉवरग्रिड (केंद्राची) यांची टॉवर लाइन असेल तर त्याच कायद्याचे कलम 164, ज्यातून 1885 च्या तार कायद्याचे अधिकार मिळतात. तेल-वायूची मोठी पाइपलाइन असेल तर 1962 चा पेट्रोलियम व खनिज पाइपलाइन कायदा आणि त्याखाली नेमलेला सक्षम अधिकारी. कलम 164 चा अधिकार सरकार कोणत्याही परवानाधारकाला लेखी आदेशाने देऊ शकते, म्हणून "ही तर साधी 11 केव्ही (11 हजार व्होल्ट) आहे" असे गृहीत धरू नका. आदेशाची प्रत मागा. ती नसेल तर तुमची संमती लागते, असेल तर लागत नाही. सगळा फरक त्या एका कागदाचा आहे.

पायरी 2: कागद आणि मोजणी

शेतजमिनीसाठी ताजा सातबारा, 8-अ आणि गाव नमुना 6 मधल्या फेरफार नोंदी. शहरात प्रॉपर्टी कार्ड आणि सिटी सर्व्हेचा नकाशा. टीपी स्कीममध्ये, म्हणजे नगररचना योजनेत, जमीन असेल तर फायनल प्लॉटचा एफ फॉर्म. सातबाऱ्यावर मालकाच्या नावाखालीच थांबू नका, "इतर हक्क" वाचा. जुन्या पाइपलाइनीचा वापर-हक्क तिथेच नोंदलेला असतो. कोयलीच्या रिफायनरीपासून फुटणाऱ्या लाइनींच्या पट्ट्यात जमीन घेणाऱ्यांनी तर हा रकाना बयाण्याआधी पाहावा. दस्तात त्याचा शब्दही नसतो आणि रजाचिठ्ठी, म्हणजे बांधकाम परवानगी, मागायला गेल्यावर कळते की अर्ध्या प्लॉटवर बांधता येणार नाही.

हद्दीचा वाद असेल तर जिल्हा भूमि-अभिलेख निरीक्षकांकडे, म्हणजे डीआयएलआरकडे, मोजणीची फी भरा. खासगी सर्व्हेयरचा नकाशा चर्चेला पुरतो, सुनावणीत त्याचे वजन कमी पडते. क्षेत्रफळ सगळीकडे चौरस मीटरमध्ये लिहा. विघ्याचे माप गावागणिक बदलते आणि मोबदल्याच्या तक्त्यात तेवढ्याने आकडे हलतात.

काम सुरू होण्याआधी झाडे, पीक, विहीर, बोअर, कुंपण यांचे तारखेसह फोटो काढा, आणि तलाट्याच्या उपस्थितीत पंचनामा होतो तेव्हा जागेवर थांबा. झाडाचे नाव, खोडाचा घेर आणि फळते की नाही हे लिहून घ्या. "आंबा, 6 नग" एवढेच लिहिलेल्या पंचनाम्यात दहा वर्षांचे झाड आणि दोन वर्षांचे रोप एकाच भावात जाते.

पायरी 3: शेजाऱ्याची लाइन

वडोदऱ्यातल्या जुन्या मराठी वस्तीत हे प्रकरण बहुतेक वाटणीतून येते. एका वाड्याचे चार भाग झाले, नळ आणि गटार मात्र एकच राहिले आणि ते आता चुलतभावाच्या चौकाखालून जाते. इथे सुखाधिकार कायद्याचे कलम 13 लागते. वाटणीच्या वेळी लाइन चालू होती, ती दिसण्यासारखी आणि सतत वापरातली होती, आणि तुमचा भाग तेव्हा जसा वापरला जात होता तसा वापरायला ती लागते, एवढे दाखवले की हक्क वाटणीबरोबरच आला असे धरले जाते. मात्र वाटणीपत्रात उलट लिहिलेले नसावे. जमिनीखालचे गटार "दिसण्यासारखे" कसे, हा हमखास विचारला जाणारा प्रश्न. जाणकाराने काळजीपूर्वक पाहिल्यावर कळते ते दिसण्यासारखे, अशी कलम 5 ची व्याख्या आहे आणि तिच्या उदाहरणात गटारच दिले आहे. म्हणून चेंबरची झाकणे, व्हेंट पाइप आणि नळाचा कोंडाळा यांचे फोटो इथे वाटणीपत्राइतकेच कामाचे ठरतात.

वाटणीशी संबंध नसेल तर दुसरा रस्ता 20 वर्षांच्या वापराचा, कलम 15. वापर उघड, शांततेत, अखंड आणि हक्क म्हणून झालेला हवा, आणि ती 20 वर्षे दावा दाखल होण्याआधीच्या दोन वर्षांच्या आत संपलेली हवीत. सरकारी जमिनीवर मुदत 30 वर्षांची. "हक्क म्हणून" या दोन शब्दांवरच बहुतेक दावे पडतात. परवानगीने वापरले तर हक्क म्हणून वापरले असे होत नाही.

यातून दोन्ही बाजूंना वेगवेगळा धडा मिळतो. तुमच्या जागेतून शेजाऱ्याला पाइप टाकू देणार असाल तर तोंडी "टाका हो" म्हणू नका. त्याच्याकडून "तुमच्या परवानगीने टाकत आहे, सांगाल तेव्हा काढीन" असे सही-तारखेचे पत्र घ्या, म्हणजे 20 वर्षांचे घड्याळ सुरूच होत नाही. त्याहून महत्त्वाचे, त्याला पक्के बांधकाम करू देऊ नका. परवानगीवर विसंबून खर्च करून कायमचे काम केले की कलम 60 प्रमाणे परवानगी मागे घेता येत नाही. सिमेंटच्या चेंबरसकट टाकलेली लाइन हे कायमचे काम असल्याचा युक्तिवाद सहज उभा राहतो.

पाइप तुमचा असेल तर शेजाऱ्याच्या पत्रावर निश्चिंत राहू नका. कलम 59 नुसार जागा विकली गेली की नवा मालक जुन्या मालकाच्या परवानगीला बांधील नाही. नोटरी केलेल्या पाचशेच्या स्टॅम्पनेही हे बदलत नाही. कायमचा हक्क हवा तर सुखाधिकाराचा दस्त करा आणि नोंदवा. शंभर रुपये किंवा त्याहून जास्त किमतीचा स्थावर हक्क निर्माण करणारा दस्त नोंदणी कायद्याच्या कलम 17 प्रमाणे नोंदवावाच लागतो. दस्तात लिहायचे ते असे: मोजलेला नकाशा, पट्टीची रुंदी (घरगुती लाइनीला दीड मीटर पुरते, दुरुस्तीसाठी माणूस बसू शकतो), पाइपचा व्यास आणि खोली, दुरुस्तीला येण्याआधी किती तासांची सूचना, फरशी पूर्ववत करण्याचा खर्च कोणाचा, भविष्यात लाइन हलवायची झाल्यास खर्च कोणाचा, आणि दोन्हीकडच्या वारसांना व खरेदीदारांना दस्त लागू असल्याचे वाक्य. दुरुस्तीसाठी आत येण्याचा हक्क कलम 24 देतेच, जागा पूर्ववत करण्याच्या अटीसह. तरी लिहा, कारण भांडण नेमके रविवारी सकाळी तुंबलेल्या गटारावरून होते आणि तेव्हा कलम वाचायला कोणी बसत नाही.

गटाराच्या वादात "दुसरीकडून फिरवून न्या" हे वाक्य नेहमी येते. ते मान्य करण्याआधी उताराचा हिशेब करा. 4 इंची पाइपला साधारण 60 ला 1 उतार लागतो, 6 इंचीला 100 ला 1. सरळ मार्ग 12 मीटर असेल तर 4 इंचीला 20 सेंटीमीटर उतार पुरतो. वळसा घालून 30 मीटर झाले की 50 सेंटीमीटर. महानगरपालिकेच्या चेंबरची पातळी जेमतेम 60 सेंटीमीटर खोल असेल तर वळशाची लाइन सुरुवातीलाच फरशीच्या जवळजवळ लागते आणि पहिल्या पावसाळ्यात उलटी वाहते. प्लंबरकडून दोन्ही टोकांच्या पातळ्यांचा कागद घेऊन तो वकिलाला द्या. कोर्ट कमिशनर जागेवर येतो तेव्हा तोंडी तक्रारीपेक्षा हा कागद जास्त बोलतो. पिण्याची लाइन आणि गटार एकाच चरात टाकायला मात्र कधीच मान्यता देऊ नका, जागा कितीही वाचत असली तरी.

शेजाऱ्याने चालू लाइन तोडली तर? स्वतः कुदळ घेऊन जाऊ नका; ज्याचा सुखाधिकार आहे त्याने अडथळा स्वतः हटवायचा नाही, असे कलम 36 स्पष्ट सांगते. तातडीचा मार्ग म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 166 खाली कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 147. बारमाही हक्क असेल तर माहिती दिल्याच्या आधीच्या तीन महिन्यांत तो वापरात असला पाहिजे. समेटाच्या बैठकांत चार महिने गेले की हे दार बंद. शांतता भंगण्याची शक्यताही दाखवावी लागते, म्हणून आधी पोलीस स्टेशनात अर्ज दिलेला असावा. त्याच सुमारास दिवाणी दाव्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 खाली तात्पुरत्या मनाईचा अर्ज लावा.

पायरी 4: विजेचा खांब, सर्व्हिस वायर, 11 केव्ही

तुमच्या जागेत नवा खांब, नवी तार किंवा खांबाचा ताण (स्टे वायर) येणार असेल तर 2006 च्या नियमांतल्या नियम 3 प्रमाणे मालकाची किंवा वहिवाटदाराची आधी संमती लागते. हरकत घेतली तर कंपनीने जिल्हा दंडाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा राज्याने नेमलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी आणायची असते. आदेश देताना तोच अधिकारी नुकसानभरपाई किंवा वार्षिक भाडे किंवा दोन्ही ठरवतो, आणि त्या आदेशाविरुद्ध वीज नियामक आयोगाकडे फेरतपासणी मागता येते. वार्षिक भाड्याची तरतूद फारसे कोणी मागत नाही. हरकतीच्या अर्जातच मागा, नंतर आठवून उपयोग नाही.

हरकत लेखीच हवी. खांब उभा राहताना गप्प बसून सहा महिन्यांनी केलेली तक्रार संमतीनंतरचा पश्चात्ताप ठरते. जिथे कंपनीची लाइन आधीपासून कायदेशीर आहे तिथे तार बदलणे किंवा खांब नवा करणे यासाठी नव्याने संमती लागत नाही. लाइन पडून गेल्यावरही पुरेसे कारण दाखवले तर हलवण्याचा आदेश दंडाधिकारी देऊ शकतात. "घरासमोर वाईट दिसते" हे पुरेसे कारण नव्हे. अंतर कमी आहे, हे पुरेसे.

अंतरे पाठ असावीत. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या सुरक्षा नियमांप्रमाणे इमारतीच्या सर्वांत उंच भागापासून कमी दाबाची उघडी तार उभ्या दिशेने 2.5 मीटर आणि सर्वांत जवळच्या भागापासून आडव्या दिशेने 1.2 मीटर दूर हवी. 11 केव्हीला उभे अंतर 3.7 आणि आडवे 1.2, 33 केव्हीला 3.7 आणि 2.0, पुढे प्रत्येक वाढीव 33 केव्हीला 0.3 मीटर जोडायचे, म्हणजे 66 केव्हीला 4.0 आणि 2.3. आडवे अंतर वाऱ्याने तार झुलली तरी उरले पाहिजे. शांत दुपारी टेप लावून मोजलेला 1.2 मीटर हा खरा 1.2 नसतो.

अंतर कमी भरले की पुढचा वाद खर्चाचा. आधी घर की आधी तार, यावर तो ठरतो. घर आधीचे असल्याचे रजाचिठ्ठी, बी.यू. (इमारत वापर) परवानगी आणि जुन्या वेरा (घरपट्टी) पावत्यांनी दाखवा. तार आधीची आणि तुम्ही वर मजला चढवलात, तर लाइन हलवण्याचे एस्टिमेट तुमच्या नावे निघेल. लाइनीजवळ बांधकाम करण्याआधी कंपनीला आणि विद्युत निरीक्षकाला लेखी कळवणे ही मालकाचीच जबाबदारी आहे. झाडांनाही हाच न्याय: लाइनीआधीपासूनच्या झाडाला तोडीची भरपाई कलम 68 प्रमाणे मिळते, तारेखाली नंतर लावलेल्या निलगिरीला नाही.

पायरी 5: टॉवर लाइन

कलम 164 चा आदेश असलेल्या कंपनीला तुमची संमती लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाने पॉवरग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्सटाइल्स या डिसेंबर 2016 च्या निकालात हे पक्के केले. तुम्ही अडवले तर कंपनी जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे तार कायद्याच्या कलम 16 खाली अर्ज करते, आणि तो आदेश झाल्यावरही अडवले तर गुन्हा. म्हणून शक्ती मार्ग सरकवण्यावर खर्च करा, तीही सर्व्हेच्या दिवसांत. मागणी मोजकी ठेवा: टॉवर बांधावर घ्या, बोअरपासून दूर घ्या. दोन टॉवरमधले अंतर आणि वळणाचा कोन यांच्या मर्यादेत बसणारा पर्याय नकाशावर काढून दिला तर अभियंते ऐकतात. "माझ्या शेतातून नकोच" याला उत्तर मिळत नाही.

जमीन तुमचीच राहते, कंपनीला फक्त वापराचा हक्क मिळतो. मोबदल्यासाठी केंद्रीय वीज मंत्रालयाची 14 जून 2024 ची मार्गदर्शक तत्त्वे 66 केव्ही आणि वरच्या लाइनींसाठी आहेत: टॉवरच्या पायाला जमिनीच्या किमतीच्या 200 टक्के, तारांखालच्या पट्ट्याला 30 टक्के. 2015 च्या तत्त्वांत हेच आकडे 85 आणि कमाल 15 होते. तुमच्या लाइनीला राज्याचा कोणता ठराव लावला आहे त्याची प्रत कलेक्टर कचेरीतून घ्या, कारण तक्ता त्यावरच बनतो. पायाचे क्षेत्र म्हणजे चार पायांमधली जागा अधिक प्रत्येक बाजूला एक मीटर. 66 केव्हीचा पट्टा 18 मीटर धरला जातो, 132 चा 27, 220 चा 35.

लोक भांडतात टॉवरवरून, पैसा मात्र पट्ट्यात असतो. समजा 66 केव्हीची लाइन शेतातून 120 मीटर जाते, एक टॉवर पडतो आणि भाव चौरस मीटरला 500 रुपये आहे. पाय 4 मीटर अंतरावर, म्हणून पाया 6 गुणिले 6, म्हणजे 36 चौरस मीटर. 200 टक्क्यांनी 36,000 रुपये. पट्टा 120 गुणिले 18, म्हणजे 2,160 चौरस मीटर. पायाचे 36 वजा केले तरी 30 टक्क्यांनी 3,18,600 रुपये. टॉवर शेजाऱ्याच्या शेतात ढकलून विजयी झालेल्या माणसाच्या डोक्यावरून पट्टा तसाच जात असतो. त्याने पट्ट्याची मोजणी पाहिली नाही तर जिंकले काय? पीक-झाडांची भरपाई याशिवाय वेगळी. पट्ट्यात शेती चालते, बांधकाम नाही.

भाव हाच खरा वाद. जंत्री, म्हणजे जमिनीचे सरकारी दरपत्रक, 15 एप्रिल 2023 पासून दुप्पट झाली, तरी टीपी स्कीमच्या तोंडावरच्या जमिनीला ती तोकडीच पडते. जवळच्या सर्व्हे नंबरांचे अलीकडचे नोंदणीकृत विक्रीदस्त जोडून बाजारभावाची मागणी करा. भरपाई कमी वाटली तर तार कायद्याच्या कलम 16(3) खाली जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करायचा आहे. त्याला परिसीमा कायद्याचे अनुच्छेद 137 लागते, म्हणजे तीन वर्षे. सर्वोच्च न्यायालयाने 1976 मध्येच हे ठरवले आहे. धनादेश घेताना पावतीवर "हरकतीसह स्वीकारला" असे लिहा. जमिनीचे ठिकाण, तारेचे अंतर, लाइनीमुळे जमिनीचा कोणता वापर बुडाला, हे पाहून भरपाई ठरवायची असते, म्हणून बिनखेतीचा अर्ज किंवा लेआउट आधी झालेला असेल तर तो जोडा.

पायरी 6: तेल-वायूची पाइपलाइन

1962 च्या कायद्यात मुदती कडक आहेत. कलम 3(1) ची अधिसूचना निघाल्यापासून 21 दिवसांत सक्षम अधिकाऱ्याकडे लेखी हरकत जायला हवी. नोटीस गावात लागते; शेत गावी आणि घर मांजलपूरला असेल तर तलाट्याला फोन नंबर देऊन ठेवा. कलम 7 तपासा: अधिसूचनेच्या आधीपासून राहण्यासाठी वापरली जाणारी जमीन, पक्के बांधकाम असलेली जमीन किंवा घराला लागून असलेले आवार यांखालून लाइन नेता येत नाही, आणि इतरत्र ती जमिनीखाली किमान 1 मीटर असली पाहिजे. नुकसानीची भरपाई वेगळी, आणि वापर-हक्कासाठी अधिसूचनेच्या तारखेच्या बाजारभावाच्या 10 टक्के. रक्कम मान्य नसेल तर सक्षम अधिकाऱ्याचे पत्र मिळाल्यापासून 90 दिवसांत जिल्हा न्यायाधीशांकडे. पट्ट्यात नंतर घर, विहीर, तलाव किंवा झाड चालत नाही. कापूस, एरंडा, भाजीपाला चालतो. गुजरातचा पाणी आणि वायूच्या लाइनींसाठी 2000 चा स्वतंत्र कायदाही आहे, म्हणून नोटिशीच्या मथळ्यावर कोणता कायदा लिहिला आहे ते आधी वाचा आणि त्याचीच मुदत धरा.

फायबर आणि मोबाइल टॉवर

नवी व्यवस्था दूरसंचार कायदा 2023 आणि 1 जानेवारी 2025 पासून लागू झालेल्या मार्गाधिकार नियमांची आहे. खासगी जागेत कंपनीने मालकाशी करार करायचा आणि जागेवर तिला मालकी मिळत नाही. सोसायटीच्या गच्चीवर केबल येत असेल तर सर्वसाधारण सभेचा ठराव, काढून नेण्याची मुदत आणि गच्चीची वॉटरप्रूफिंग फुटल्यास दुरुस्ती कोणाची, एवढे तरी करारात असू द्या.

कोर्टात जाण्याआधी

2018 च्या दुरुस्तीपासून विशिष्ट साहाय्य कायद्याचे कलम 20अ पायाभूत प्रकल्पांना उशीर होईल अशी मनाई देण्यास न्यायालयांना रोखते, आणि त्या यादीत वीज, तेल-वायू, पाणी, मलनिस्सारण, दूरसंचार सगळे आहे. म्हणून कंपनीविरुद्धच्या दाव्यात फक्त "काम थांबवा" ही मागणी ठेवणारा वकील तुमचा वेळ घालवतो. मार्गबदल आणि भरपाई आधी मागा. सरकारला प्रतिवादी करायचे असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते. शेजारी एकतर्फी मनाई आणेल अशी भीती असेल तर कलम 148अ खाली कॅव्हेट, म्हणजे माझे ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज, टाका. ती 90 दिवस टिकते, नंतर पुन्हा टाकावी लागते.